गाऱ्हाणं कुणापुढे घालायचं?



आजचं चिंतन गीतेच्या 12व्या अध्यायातल्या 15व्या श्लोकावर. भगवंताला कोण आवडतं? ज्याचा लोकांना त्रास होत नाही आणि ज्याला लोकांचा त्रास होत नाही, तो. पहिला अर्धा भाग आपण लगेच स्वतःला लावतो. "मी बाबा कुणाच्या अध्यात ना मध्यात!" गाडी अडते ती दुसऱ्या अर्ध्यावर.

माझंच सांगतो. आमचं घर मालवण तालुक्यातल्या तोंडवलीत. जवळच्या तळाशीलला एकीकडे समुद्र, दुसरीकडे गड नदीची खाडी. लाटा किनारा खात चालल्यात, आणि आम्ही भांडतोय कशावर? काकांनी घातलेला गडगा हातभर आमच्या बाजूला आला, यावर. सातबारा सामाईक, मोजणीचं घोंगडं भिजत पडलेलं. मुंबईत लोकलमध्ये लटकतानाही डोक्यात तो गडगाच. बायकोला, मित्रांना, मावसभावाला, सगळ्यांना सांगून झालं. काकांना सोडून.

गेल्या चतुर्थीला घरच्या गणपतीपुढे गाऱ्हाणं घालायला काकाच उभे राहिले. शहरात गाऱ्हाणं म्हणजे तक्रार. आमच्याकडे गाऱ्हाणं म्हणजे सगळ्यांच्या वतीने देवाला मोठ्याने केलेली विनवणी. काका म्हणाले, "कोणाकडसून काय चुकला-माकला आसात तर पोटात घे. मुंबयक जी पोरां आसत तेंका सुखरूप ठेव." आणि मला सगळ्यांबरोबर म्हणावं लागलं, "व्हय म्हाराजा!"

'कोणाकडसून' हा शब्द टोचला. त्यात मीही आलो ना! काकांचं ऑपरेशन झालं तेव्हा मी साधा फोन केला नव्हता, राग होता म्हणून. ते गाऱ्हाणं मी कुणालाच सांगितलं नव्हतं.

तेव्हा लक्षात आलं. पाठीमागे सांगितलेली तक्रार वाढत जाते, कारण ऐकणारा आपलाच असतो, तो मान डोलावतो. देवापुढे मात्र दोघांनाही हात जोडून उभं राहावं लागतं. तिथे फक्त दुसऱ्याचीच चूक मांडता येत नाही.

गडगा अजून तिथेच आहे. मोजणी होईल, व्हायलाच हवी. हक्क सोडून द्या, असं हा श्लोक सांगत नाही. पण त्या रात्री मी काकांच्या शेजारी बसून तब्येतीची चौकशी केली, आणि परतताना लोकलमध्ये डोक्यात गडगा नव्हता.

आज एवढंच करूया. ज्याच्याबद्दल दहा जणांना सांगितलं, त्याचं नाव देवापुढे घेऊया, त्याच्या भल्यासाठी. मग स्वतःचंही नाव घेऊया.

व्हय म्हाराजा! 🌺