सार्वजनिक आकाश आणि अल्पसंख्यांचे गाणे

झाशीच्या जुन्या तटाला जे दरवाजे आहेत त्यांपैकी एकाला गावात दतिया गेट म्हणतात. त्यातून निघणारी वाट ज्या दतियाकडे जाते, ते एके काळी बुंदेल्यांचे स्वतंत्र संस्थान होते. आज ते मध्य प्रदेशात आहे आणि झाशी उत्तर प्रदेशात. दरवाजा घोडेस्वाराला अडवू शकत होता, ध्वनिलहरीला तो अडवू शकत नाही. त्यामुळे अशा ठिकाणी एक प्रश्न स्वाभाविकपणे उभा राहतो. ज्या नगरात बहुसंख्यांची भाषा एक आहे, तेथे दुसऱ्या भाषेतील संगीत सार्वजनिक खर्चाने ऐकवले जावे काय? आणि जावे, तर कोणत्या अधिकाराने?

हा प्रश्न केवळ कल्पनेतला नाही. कॅनडातील टोरोंटो हे प्राधान्याने इंग्रजी बोलणारे शहर. तेथील ‘सीजेबीसी’ हे सार्वजनिक केंद्र १९६४ साली इंग्रजीतून फ्रेंचमध्ये गेले, तेव्हा मोठी ओरड झाली: थोड्यांसाठी सर्वांचे केंद्र का द्यावे? केंद्र टिकले, पुढे त्याच्या जोडीला फ्रेंच निवेदनाची संगीतवाहिनीही आली. आपल्याकडे असा वाद इतका सौम्य राहिला नाही. १९९४ च्या ऑक्टोबरात बंगळूरला दूरदर्शनच्या काही मिनिटांच्या उर्दू बातमीपत्रावरून दंगल पेटली, माणसे मेली आणि बातमीपत्र मागे घेतले गेले.

येथे कोणी म्हणेल की संगीताला भाषा कशाला हवी? ग्वाल्हेरची गायकी बाळकृष्णबुवा इचलकरंजीकरांनी महाराष्ट्रात आणली, ती ब्रजभाषेतील बंदिशींसह. मराठी श्रोत्याने तिला परकी मानले नाही. त्यांचे शिष्य विष्णु दिगंबर पलुसकर यांनी १९०१ मध्ये गांधर्व महाविद्यालय काढले ते थेट लाहोरला. सूर सीमा मानत नाहीत, हे खरेच आहे. पण नभोवाणीवर केवळ सूर नसतात. दोन गाण्यांच्या मधे जो आवाज वेळ सांगतो, गायकाचे नाव घेतो, हवा कशी आहे ते बोलतो, तो कोणत्या भाषेत बोलतो यावरून घर कोणाचे हे कळते. परक्या भाषेतून परिचय करून दिलेले आपले गाणे पाहुण्यासारखे ओसरीवर बसते. फ्रेंच संगीतवाहिनीचे मर्म गाण्यांपेक्षा या निवेदनात अधिक आहे, असे म्हणावे लागते. शाळा आणि न्यायालय यांत भाषेला सतत भांडावे लागते. येथे तिला नुसते असता येते.

अधिकाराचा विचार करताना १९९५ चा सर्वोच्च न्यायालयाचा निर्णय आठवतो. ध्वनिलहरी ही सार्वजनिक मालमत्ता आहे, असे त्यात सांगितले गेले. प्रसार भारती अधिनियमानेही देशातील विविध संस्कृती व भाषा यांना पुरेसा वाव देणे हे कर्तव्य मानले आहे. पण सार्वजनिक म्हणजे बहुमताचे, असा अर्थ केला की गणित सोपे होते आणि न्याय संपतो. सार्वजनिक विहिरीवर पाणी भरणाऱ्याची जात मोजली जात होती. तेव्हाही मोजणारे बहुसंख्यच होते.

तरीही झाशीच्या बाबतीत एक अडचण आहे आणि ती टाळणे प्रामाणिकपणाचे होणार नाही. येथे मराठी ही सत्तेची भाषा होती. नारो शंकर सुभेदार, पुढे नेवाळकरांचे घराणे, नाटकाचे षोकी गंगाधरराव, १८४२ मध्ये या नगरात सून म्हणून आलेली राणी. १८५८ च्या विध्वंसात येथील ग्रंथसंग्रहही गेला. विष्णुभट गोडसे यांनी ते दिवस जवळून पाहिले. राज्य गेलेल्याच्या भाषेला आज वारसा म्हणून जागा मागता येते काय? पोर्तुगीजांची ‘एमिसोरा द गोवा’ आठवून पाहावी. १९६१ च्या डिसेंबरात विमानहल्ल्याने ती मूक झाली, तेव्हा तिच्यासाठी कोणी अश्रू ढाळावेत अशी अपेक्षा कोणी केली नाही. फरक आहे तो सत्तेचा. हुकूम देणारा आवाज बंद होणे वेगळे आणि हुकूम देण्याची शक्ती दीडशे वर्षांपूर्वीच गमावलेल्या माणसांनी घरात जपलेले अभंग व नाट्यपदे ऐकू येणे वेगळे. दुसऱ्या गोष्टीत कोणाचेही काही हिरावले जात नाही. फार तर अर्धा तास जातो.

मात्र हा अर्धा तास मागणाऱ्याने आधी एक गोष्ट ध्यानी घेतली पाहिजे. दतिया गेटच्या दोन्ही बाजूंस जी बोली खरोखर नांदते ती बुंदेली. आणि जनगणनेत तिची गणना हिंदीच्या पोटात होते. बहुसंख्य असूनही तिला स्वतःचे नाव नाही. नेवाळकरांच्या स्मृतीला मान देणाऱ्या आणि ईसुरीच्या फागांना ‘लोकगीत’ म्हणून कोपऱ्यात बसवणाऱ्या वेळापत्रकाला न्याय्य म्हणणे कठीण आहे. मराठी पदाचा परिचय मराठीतून व्हावा, हा आग्रह धरणाऱ्याला फागाचा परिचय बुंदेलीतून व्हावा हेही त्याच तोंडाने म्हणावे लागेल, आणि ते आधी म्हणावे लागेल.