शेवटच्या पानाकडे नजर

पंगतीतला चांगला वाढपी कसा ओळखावा? पहिल्या पानावर तुपाची धार किती सढळ पडते, त्यावरून नाही. भांडं हातात घेतानाच त्याची नजर पार टोकाच्या पानाकडे जाते का, ते पाहावं. ही नजर बहुधा अशाच माणसाकडे असते, जो कधी काळी त्या टोकाला बसला होता आणि जिलबी आपल्यापर्यंत येता येता संपलेली ज्याने पाहिली होती.

आज सकाळी असा एक वाढपी आठवला. वेल्सचा रॉय फ्रान्सिस. रग्बी लीगचा खेळाडू आणि पुढे प्रशिक्षक.

हा खेळ मुळी खाड्यातून जन्मला. उत्तर इंग्लंडमधले खाणींत आणि गिरण्यांत राबणारे खेळाडू शनिवारी सामन्याला गेले की त्यांची मजुरी बुडायची. तो खाडा भरून द्यायला परवानगी असावी, एवढंच त्यांच्या क्लबांचं म्हणणं होतं. हौसेचा खेळ म्हणवणाऱ्या बड्या मंडळींना ते मानवलं नाही. अखेर 1895 साली हडर्सफील्डच्या जॉर्ज हॉटेलात बैठक झाली आणि या क्लबांनी वेगळी चूल मांडली. पुढे नियमही निराळे झाले, पंधराचे तेरा गडी झाले. कष्टकऱ्याच्या मजुरीसाठी मांडलेल्या या चुलीपुढे तरी पंक्तिप्रपंच नसावा. पण होता.

रॉयचा जन्म 1919चा, कार्डिफचा. वाढला ब्रिनमाउर या डोंगराळ खाणपट्ट्यातल्या गावात. सतराव्या वर्षी तो विगनसारख्या नामवंत क्लबात गेला. पायात विलक्षण वेग. प्रतिस्पर्ध्याच्या गोलरेषेपलीकडे चेंडू टेकवला की ‘ट्राय’ होतो. रॉयने 356 सामन्यांत असे 229 ट्राय केले. 1946 साली ग्रेट ब्रिटनचा संघ ऑस्ट्रेलियाला निघाला. महायुद्ध नुकतंच संपलेलं, म्हणून खेळाडू ‘इंडॉमिटेबल’ या विमानवाहू युद्धनौकेतून गेले. त्या नौकेवर रॉय नव्हता. तो कृष्णवर्णीय होता आणि गोऱ्यांखेरीज इतरांना दार बंद ठेवणं हे त्या काळी ऑस्ट्रेलियाचं राजरोस धोरण होतं. यजमानांना अवघडल्यासारखं नको, म्हणून घरच्यांनीच आपल्या माणसाचं पान मांडलं नाही. पुढच्या वर्षी न्यूझीलंडविरुद्ध त्याला एकदाची कसोटी मिळाली. त्याने दोन ट्राय केले. ग्रेट ब्रिटनसाठी त्याचा तो पहिला सामना आणि शेवटचाही.

मग हल क्लबात खेळता खेळताच तो प्रशिक्षक झाला. ब्रिटनमधल्या व्यावसायिक संघाचा पहिला कृष्णवर्णीय प्रशिक्षक म्हणून आज त्याचं नाव घेतात. युद्धकाळात लष्करात व्यायामशिक्षक असताना जे शिकला, ते त्याने मैदानावर आणलं. सामन्यांचं चित्रीकरण करून चुका दाखवायचा, आणि तेही कुणी तसं करत नव्हतं त्या काळात. पण त्याची खरी करामत वेगळीच. त्याने खेळाडूंच्या बायकामुलांना क्लबात आणलं, सामन्याला जाण्यायेण्याची त्यांची सोय लावली. घरी आजारपण असेल, भांडण असेल, तर गड्याचे पाय मैदानावर जड होतात, हे त्याने ओळखलं होतं. 1956 आणि 1958 साली हल लीगचा विजेता झाला. त्यानंतर सलग दोन वर्षं वेम्बली मैदानावर चॅलेंज कपचा अंतिम सामना हरलाही.

1968 साली रॉय त्याच कपच्या अंतिम सामन्यासाठी पुन्हा वेम्बलीवर होता, या वेळी लीड्सचा प्रशिक्षक म्हणून. समोर वेकफील्ड ट्रिनिटी. मैदानाचं तळं झालेलं. शेवटच्या क्षणी वेकफील्डच्या डॉन फॉक्सची गोलखांबांसमोरची अगदी सोपी किक हुकली आणि लीड्स 11-10 असं जिंकलं. जग ती हुकलेली किकच आठवतं. मला आठवतात लीड्सचे चार गोल. ते मारले होते बेव्ह रिझमनने. हा बेव्ह म्हणजे गस रिझमनचा मुलगा. 1946 साली ‘इंडॉमिटेबल’वरून गेलेल्या संघाचा जो कर्णधार, त्याचा. बापाच्या संघात ज्याला जागा मिळाली नाही, त्याने उभ्या केलेल्या संघात मुलगा खेळला, आणि त्याच्याच पायांनी कप घरी आणला.

सासुरवास सोसलेली सून पुढे सासू होते, तेव्हा तिच्यापुढे दोन वाटा असतात. ‘मी सोसलं, आता तूही सोस,’ ही एक वाट. ती सरळ आहे, वापरातली आहे. ‘मला जे मिळालं नाही, ते हिला मिळू दे,’ ही दुसरी. ती रोज नव्याने तुडवावी लागते. रॉयने दुसरी धरली. यात अन्यायाचं कौतुक नाही. वगळलं जाण्याने कुणी आपोआप मोठा होत नाही. बरेच जण फक्त कडवट होतात. 1946च्या त्या संघातून जाण्याचा रॉयचा हक्क होता आणि तो बुडाला तो बुडालाच. 1989 साली तो गेला. ब्रिनमाउरमध्ये त्याचा पुतळा उभा राहिला तो 2023 साली. हा खाडा कुणालाच भरून देता आला नाही.

पण आपलं पान न मांडणाऱ्यांच्याच पंगतीत तो वाढायला उठला, आणि एकही पान चुकवलं नाही.

दिवस सुरू होतोय. घरात, कचेरीत, वर्गात, कुठे ना कुठे आज आपल्याही हाती वाढायचं भांडं येईल. उठण्याआधी क्षणभर मान वर करून पंगतीचं दुसरं टोक पाहून घेऊ या. तिथे कोण बसलंय?