मरणाची सोय

पोलिश चित्रपटनटी इना बेनिता हिचा जन्म १९१२ सालीं कीव्ह येथें झाला. ‘व्हिस्चुलाकांठचीं माणसें’ (१९३८) ह्यासारख्या बोलपटांनीं तिला कीर्ति दिली. १९३९ सालीं वॉर्सा जर्मनांच्या हातीं गेलें. शत्रूच्या परवान्यानें चालणाऱ्या रंगभूमीवर कोणीं उभें राहूं नये, असा निर्बंध नटांच्या गुप्त संघटनेनें घातला. अनेक नट्यांनीं उपाहारगृहांत वाढपाचें काम पत्करलें, पण निर्बंध पाळला. बेनितेनें तो मोडला.

पुढें जर्मनांनींच तिला पाव्याक तुरुंगांत टाकलें. तेथें १९४४ सालीं तिला मुलगा झाला. त्याच वर्षींच्या उठावांत ती तान्ह्या मुलासह भुयारी गटारांत मेली, ही वार्ता कित्येक दशकें खरी मानली गेली. वस्तुतः ती वांचली होती. १९८४ सालीं ती अमेरिकेंत, पेन्सिल्व्हानियांत वारली.

अशी वार्ता मनाला सहज पटते. रुष्टांना तींत प्रायश्चित्त दिसतें, चाहत्यांना करुणा. आणि दोषी माणसाशीं पुढें कसें वागावें, हा अवघड प्रश्न परस्पर मिटतो. परंतु ज्यांनीं हाल सोसून निर्बंध पाळला, त्यांचें मोठेपण बेनितेच्या मरणावर अवलंबून नव्हतें. तिचा दोषहि मरणानें धुतला गेला नसता, आणि जगण्यानें तो वाढला नाहीं.

मेलेल्यास क्षमा करणें फारसें कठीण नसतें. ज्याचा दोष आपण विसरलेलों नाहीं, असा मनुष्य आपल्या शेजारीं जगत असतां त्याच्याशीं माणुसकीनें वागतां येतें कीं नाहीं, यांतच आपल्या न्यायबुद्धीची खरी परीक्षा आहे.