हशाचा हिशेब

माणसाच्या शरीरात जिभेइतका सहज हलणारा अवयव नाही आणि तिच्याइतका अवघड हिशेबही दुसऱ्या कोणत्या अवयवाचा नाही. प्रेषित मुहम्मद (स.) यांच्या एका वचनाचा आशय असा आहे की, माणूस कधी विचार न करता एखादा शब्द बोलून जातो आणि त्या एका शब्दापायी पूर्व-पश्चिमेमधील अंतराहूनही दूर नरकात जाऊन पडतो (बुखारी, मुस्लिम). या वचनातील 'विचार न करता' हे शब्द लक्षात घेण्यासारखे आहेत. रागाने बोललेला शब्द आपल्याला सलतो, खोटे बोललो तर मन खाते. मात्र हसण्याच्या भरात बोललेला शब्द आपण हिशेबातच धरत नाही. कोणी जाब विचारलाच तर आपले उत्तर तयार असते, "अहो, गंमत केली!"

गमतीला हिशेब असतो का? आणि त्याहून कठीण प्रश्न असा की, गंमत करणाऱ्याची नीयत चांगली होती, पण ऐकणाऱ्याने तिचा भलताच अर्थ घेतला, तर त्या अर्थाची जबाबदारी कोणावर? हा प्रश्न केवळ कल्पनेतला नाही. सुमारे पंचेचाळीस वर्षांपूर्वी नेदरलँड्समधील दोन विनोदकारांपुढे तो प्रत्यक्ष उभा राहिला होता. ते मुस्लिम नव्हते. परंतु त्यांच्या विनोदाचा विषय त्या देशात मजुरीसाठी आलेल्या परक्या लोकांचा, म्हणजे बहुतांशी मुस्लिमांचा होता. म्हणून ही हकीकत आपण समजून घेण्याजोगी आहे.

त्या देशातील प्रसारणाची व्यवस्था वेगळ्या धाटणीची होती. रेडिओच्या आरंभापासून प्रसारणाची वेळ कॅथलिक, प्रोटेस्टंट, समाजवादी अशा निरनिराळ्या समाजगटांच्या संस्थांमध्ये वाटलेली असे. उदारमतवादी प्रोटेस्टंट मंडळींनी 1926 मध्ये स्थापन केलेली व्हीपीआरओ ही त्यांतीलच एक संस्था. पुढे तिचे धार्मिक रूप मावळले आणि नव्या, धीट कार्यक्रमांसाठी ती ओळखली जाऊ लागली. विम द बी (जन्म 1939) आणि केस व्हान कोटेन (जन्म 1941) हे द हेग शहरातले शाळेपासूनचे मित्र. 1960 च्या दशकात त्यांनी रेडिओवर विनोदी संवाद सादर करण्यास सुरुवात केली, मग ते दूरचित्रवाणीवर आले आणि 1974 पासून व्हीपीआरओवर त्यांचे नाव घरोघरी पोचले. 1998 पर्यंत ही जोडी पडद्यावर होती. सोंगे घ्यावीत, बोलण्याची ढब हुबेहूब उचलावी आणि समाजाला त्याचाच चेहरा दाखवावा, ही त्यांची रीत. त्यांच्या कार्यक्रमांतून रूढ झालेले कित्येक शब्द आजही डच भाषेत वापरले जातात. विम द बी यांचे 2023 मध्ये निधन झाले.

त्यांनी घेतलेल्या सोंगांपैकी दोन होती याकोब्से आणि व्हान एस. हे हेगच्या रस्त्यावरचे दोन उडाणटप्पू. कष्ट नकोत, कायदा नको, पैसा मात्र हवा, आणि जे काही बिघडले ते सारे परक्यांमुळे, असे त्यांचे तत्त्वज्ञान. त्या काळची पार्श्वभूमी ध्यानात घ्यावी लागेल. नेदरलँड्सने कारखान्यांसाठी मजूर आणण्याचे करार 1964 मध्ये तुर्कस्तानशी आणि 1969 मध्ये मोरोक्कोशी केले होते. काम विपुल होते तोवर हे 'पाहुणे कामगार' सर्वांना हवे होते. 1973 च्या तेलसंकटानंतर बेकारी वाढली आणि तेच लोक डोळ्यांत खुपू लागले. चहाच्या टेबलावर, ट्राममध्ये, बाजारात त्यांच्याविषयी हलक्या आवाजात जे बोलले जाई, ते या दोन सोंगांनी मोठ्या आवाजात बोलायला सुरुवात केली. एवढेच नव्हे, तर त्यांनी पडद्यावर एक राजकीय पक्षही काढला. त्याचे नाव 'टेखेनपार्टै', म्हणजे सगळ्याच्या विरोधात असलेला पक्ष. सर्वांना श्रीमंत करू आणि आपले आपल्यालाच ठेवू, अशा त्याच्या घोषणा. हेतू स्पष्ट होता. ही विचारसरणी किती मूर्ख आणि किती क्रूर आहे, हे तिच्याच तोंडून वदवायचे.

पण घडले ते विपरीत. काही प्रेक्षक त्या दोघांना हसत होते, तर काही त्यांच्याबरोबर हसत होते. बाहेरून ऐकणाऱ्याला दोन्ही हशांचा आवाज सारखाच. ज्यांची टर उडवायची होती, त्यांनाच ती सोंगे आपली वाटू लागली. त्या घोषणा लोकांच्या तोंडी बसल्या आणि असा पक्ष खरोखर असता तर आम्ही त्यालाच मत दिले असते, असे मनापासून सांगणारे लोक भेटू लागले. 26 मे 1981 रोजी संसदेची निवडणूक होती. तिच्या थोडे आधी या जोडीने एक निर्णय घेतला. लोकप्रियतेच्या ऐन शिखरावर असताना त्यांनी याकोब्से आणि व्हान एस यांना पडद्यावरच गोळ्या घालून मारून टाकले. पक्ष संपला.

या निर्णयाचा कस कळण्यासाठी एक गोष्ट लक्षात घ्यावी. हसवणाऱ्याची सारी मिळकत म्हणजे हशा. चालणारे सोंग उतरवून ठेवणे म्हणजे व्यापाऱ्याने भर गर्दीच्या दिवशी आपले दुकान बंद करण्यासारखे आहे. शिवाय 'आमची नीयत साफ होती, लोकांना अक्कल नाही त्याला आम्ही काय करावे?' हे उत्तर त्यांच्यापाशी होतेच. कोणीही ते मान्य केले असते.

आता इस्लामी शिकवणीच्या प्रकाशात पाहू. इस्लामने हसण्याला बंदी केलेली नाही. प्रेषित (स.) स्वतः विनोद करीत. एकाने स्वारीसाठी उंट मागितला तेव्हा, तुला उंटिणीचे पिल्लू देतो, असे ते म्हणाले. तो गोंधळून म्हणाला, पिल्लू घेऊन मी काय करू? तेव्हा त्याला सांगण्यात आले की प्रत्येक उंट हा कोणत्या तरी उंटिणीचे पिल्लूच असतो (अबू दाऊद, तिर्मिजी). या विनोदात असत्य नाही, कोणाचा अपमान नाही आणि शेवटी ज्याची गंमत झाली तोही उंट घेऊन हसत गेला असेल. थट्टा करतानाही मी सत्यच बोलतो, असे प्रेषितांनी स्पष्ट केले होते (तिर्मिजी). याउलट, लोकांना हसवण्यासाठी खोटे बोलणाऱ्याच्या विनाशाचा त्यांनी इशारा दिला (अबू दाऊद, तिर्मिजी).

दुसरी कसोटी दिव्य कुरआनने सूरह अल-हुजुरातच्या 11 व्या आयतीत दिली आहे. कोणत्याही लोकांनी दुसऱ्यांची टवाळी करू नये, कारण ज्यांची टवाळी होते तेच कदाचित अधिक चांगले असतील. पुरुषांना आणि स्त्रियांना ही ताकीद वेगवेगळी दिली गेली. नक्कल करण्याविषयी तर प्रेषितांची नापसंती फार तीव्र होती. आदरणीय आयेशा (रजि.) यांनी एकदा कोणाची तरी नक्कल केली, तेव्हा कितीही मोबदला मिळाला तरी कोणाची नक्कल करणे मला आवडणार नाही, असे त्यांनी म्हटल्याची नोंद आहे (अबू दाऊद, तिर्मिजी).

मग अन्यायावर उपहासाचे शस्त्र चालवूच नये काय? तसेही नाही. कुरैशचे कवी निंदाकाव्ये रचीत, तेव्हा त्यांना काव्यानेच उत्तर देण्याची जबाबदारी आदरणीय हस्सान बिन साबित (रजि.) यांच्यावर सोपवली गेली. पण त्याबरोबर एक सूचनाही होती. कुरैशमध्ये माझेही कुळ आहे, म्हणून आधी अबूबक्र यांच्याकडून वंशावळ नीट समजून घ्या, असे प्रेषितांनी त्यांना सांगितले (मुस्लिम). म्हणजे रणांगणातील उपहासालाही नेम हवा. अपराध्याला लागावा आणि शेजारी उभ्या असलेल्या निरपराधाला ओरखडाही येऊ नये. अत्याचारी सत्ताधीशासमोर खरे बोलणे हा तर श्रेष्ठ जिहाद म्हटला गेला आहे. हे शस्त्र बलवानाच्या अन्यायाविरुद्ध आहे, दुबळ्याच्या व्यंगाविरुद्ध नाही.

आता मूळ प्रश्न. कर्मे नीयतीवर अवलंबून असतात, हे वचन आपल्या प्रत्येक मुलाला ठाऊक असते. मग चांगल्या नीयतीचा विनोद वाईट ठिकाणी गेला तर दोष कसा? याचे उत्तर सूरह अल-बकराच्या 104 व्या आयतीत आहे. श्रद्धावंत प्रेषितांचे लक्ष वेधण्यासाठी 'राइना' असा शब्द वापरीत, म्हणजे आमच्याकडे लक्ष द्यावे. त्यांची नीयत निर्मळ होती. मात्र काही विरोधक तोच शब्द जरा वाकवून, अपमानाचा अर्थ निघेल अशा रीतीने उच्चारू लागले. तेव्हा आज्ञा झाली की श्रद्धावंतांनी तो शब्द सोडावा आणि त्याऐवजी 'उन्जुरना' म्हणावे. तुमची नीयत शुद्ध आहे, तुम्ही बोलत राहा, विकृती करणाऱ्यांचे आम्ही पाहून घेऊ, असे सांगितले गेले नाही. शब्द सोडायला सांगितले ते निर्दोष माणसांना. त्याचप्रमाणे सूरह अल-अनआमच्या 108 व्या आयतीत इतरांच्या दैवतांना शिव्या देण्यास मनाई आहे, कारण त्यामुळे ते अज्ञानाने अल्लाहविषयी अपशब्द काढतील. आपल्या शब्दाने दुसऱ्याच्या पापाला वाट मिळणार असेल, तर ती वाट बंद करणे हेही आपलेच काम आहे. धर्मशास्त्राच्या विद्वानांनी यावरच अनिष्टाचे मार्ग आधीच रोखण्याचा नियम उभा केला.

म्हणजे नीयत ही पहिली अट आहे, शेवटची नव्हे. परिणाम माहीत नव्हता तोवर माणूस नीयतीच्या आडोशाला उभा राहू शकतो. परिणाम डोळ्यांपुढे आल्यावरही तो तेच करीत राहिला, तर त्याची नीयत पूर्वीची राहत नाही. त्या क्षणापासून तो परिणामही जाणूनबुजून पत्करलेला ठरतो. द बी आणि व्हान कोटेन यांनी नेमका हा क्षण ओळखला. त्यांच्या सगळ्याच कार्यक्रमांचे आपण समर्थन करावे असे नाही. परंतु एवढ्या एका गोष्टीत त्यांनी जे केले, ते 'राइना' सोडण्यासारखेच होते.

यावर कोणी म्हणेल, त्याने साधले काय? प्रश्न रास्त आहे. पुढच्याच वर्षी, सप्टेंबर 1982 च्या निवडणुकीत हान्स यानमात यांच्या परकेविरोधी केंद्र पक्षाला 150 जागांच्या संसदेत एक जागा मिळालीच. सोंग मेले, द्वेष जिवंत राहिला. तो द्वेष विनोदाने निर्माण केला नव्हता, म्हणून विनोद थांबवल्याने तो संपणारही नव्हता. पण परलोकात आपल्याला जगातील एकूण द्वेषाचा जाब विचारला जाणार नाही. त्यात आपल्या हातून किती भर पडली, हे विचारले जाईल. आगीवर पाणी ओतणे प्रत्येकाच्या हाती असतेच असे नाही, परंतु हातातले लाकूड खाली ठेवणे प्रत्येकाच्या हाती असते.

आता नजर आपल्या घराकडे वळवावी. निकाहच्या दावतीत एखादा तोतरे बोलणाऱ्या चाचांची नक्कल करतो आणि सारी पंगत हसते. गावाकडून आलेल्या सुनेची बोली, कोणाचा रंग, कोणाचा धंदा, दुसऱ्या मसलकच्या लोकांची नमाज पढण्याची रीत, शेजारच्या समाजाचे सण, हे सारे आपल्या गमतीचे विषय होतात. नक्कल करणाऱ्याच्या मनात प्रेमही असेल. पण त्या पंगतीत बसलेली सहा वर्षांची मुले हसणे शिकत नसतात, कोणाला हसायचे ते शिकत असतात. उद्या तीच मुले मदरशात किंवा शाळेत एखाद्या तोतऱ्या मुलाला तसेच चिडवतील, तेव्हा त्यांच्यापाशी आपली नीयत नसेल, फक्त आपला हशा असेल.

मोबाईलने हा प्रश्न अधिकच कठीण केला आहे. त्या दोन डच विनोदकारांच्या हाती आपले सोंग होते, म्हणून त्यांना ते मारता आले. आपण पुढे पाठवलेली चित्रफीत मात्र क्षणात आपल्या हातून सुटते. ती कोणत्या घरात, कोणत्या रागाच्या वेळी उघडली जाईल, हे आपल्याला कळत नाही आणि तिला परत बोलावताही येत नाही. जे मागाहून थांबवता येत नाही, त्याचा विचार आधी करावा लागतो. अंगठा दाबण्यापूर्वी तीन प्रश्न पुरेसे आहेत. हे खरे आहे काय? ज्याच्यावर हे आहे, तो समोर असता तर मी हे दाखवले असते काय? आणि माझ्याहून वेगळ्या मनाचा माणूस यातून काय उचलेल?

आणि टवाळी आपली होत असेल तेव्हा? अल्लाहच्या संकेतांची चेष्टा चालू असेल तर विषय बदलेपर्यंत त्या बैठकीतून उठून जावे, अशी शिकवण सूरह अन-निसाच्या 140 व्या आयतीत आहे. तेथे ना हाणामारी आहे, ना तशाच टवाळीने उत्तर. चेष्टेला प्रेक्षक न पुरवणे, हेही एक उत्तर आहे, कारण हशाशिवाय चेष्टा जगत नाही.

तेव्हा प्रत्येकाने कधीतरी निवांतपणी आपल्या एखाद्या आवडत्या, हमखास हशा मिळवणाऱ्या गमतीकडे पाहावे. ती कोणाच्या जिवावर उभी आहे, हे तपासावे. सलत असेल तर भर मैफलीत, सर्वांनी आग्रह केला तरी, ती पुन्हा सांगू नये. चार माणसे क्षणभर हिरमुसतील, इतकेच. ज्याच्यावर ती होती, त्याला कदाचित कधी कळणारही नाही. ज्याला कळायला हवे, त्याला मात्र ते कळलेले असेल.

अल्लाह आपल्या जिभेला सत्याची आणि आपल्या हशाला दयेची जोड देवो. आमीन.