भुतांना धमकी कोण देणार?

काळ्या विनोदात प्रेत लागतंच. कोलकात्याच्या अनीक दत्त यांनी ती अट शब्दशः पाळली. जाहिरातपटांच्या धंद्यातून आलेल्या या लेखक-दिग्दर्शकाचा पहिला चित्रपट म्हणजे २०१२चा 'भूतेर भविष्यत'. जुने वाडे पाडून मॉल उभे राहताहेत, मग भुतांनी जायचं कुठे? एका पडक्या वाड्यात जागा मिळावी म्हणून भुतं चक्क मुलाखती देतात. जमीनदार, इंग्रज साहेब, चाळीसच्या दशकातली नटी, रिक्षावाला आणि कारगिलचा फौजी अशी ती बिऱ्हाडं. हसता हसता लक्षात येतं, प्रत्येक बिऱ्हाडामागे इतिहासातलं एकेक मरण आहे. आणि ही गोष्ट सांगणारा गृहस्थच सत्तरच्या दशकात मारला गेलेला नक्षलवादी निघतो.

शहर या चित्रपटावर खूश झालं, कारण खलनायक बिल्डर होता. बिल्डरवर हसायला कोणाची ना असते? सत्तेवर हसणं मात्र वेगळं: त्याच वर्षी एप्रिलमध्ये राज्याच्या मुख्यमंत्र्यांवरचं व्यंगचित्र मेलवरून पुढे पाठवलं म्हणून जादवपूर विद्यापीठातल्या एका प्राध्यापकाला अटक झाली. व्यंगचित्रातले संवाद सत्यजित राय यांच्या 'सोनार केल्ला'वरून उचललेले होते.

दत्तांनी मग रोख बिल्डरवरून सत्तेकडे वळवला. 'भविष्यतेर भूत' १५ फेब्रुवारी २०१९ला लागला आणि दुसऱ्याच दिवशी बहुतेक पडद्यांवरून नाहीसा झाला. सेन्सॉरचं प्रमाणपत्र होतं, बंदीचा हुकूम कुठेच नव्हता. 'वरून' सांगितलंय, एवढंच थिएटरवाले म्हणत. आपल्याकडे 'सखाराम बाइंडर' नाटकाच्या वेळी परिनिरीक्षण मंडळाने निदान काटछाट कागदावर मागितली होती; म्हणून दिग्दर्शक कमलाकर सारंगांना उच्च न्यायालयात भांडायला काहीतरी हातात होतं. इथे भांडायचं कोणाशी? 'वरून' या क्रियाविशेषणाशी? तरीही निर्माते सर्वोच्च न्यायालयात गेले. एप्रिलमध्ये न्या. धनंजय चंद्रचूड यांच्या खंडपीठाने राज्य सरकारला वीस लाखांची भरपाई द्यायला लावली.

खरं सांगायचं तर हा दुसरा भूतपट मला पहिल्याइतका नेटका वाटत नाही. रागाच्या भरात विनोद पसरतो, पात्रं मागे पडतात आणि टोमणे पुढे येतात. पण हे ठरवायला तो आधी पाहायला मिळाला पाहिजे. फसलेल्या विनोदालाही प्रेक्षकांसमोर फसण्याचा हक्क आहे. तो 'वरून' आधीच हिरावून घेतला गेला तर समीक्षकाने लिहायचं कशावर? शिवाय अशा चित्रपटाला नावं ठेवावीत तर ती बंदी घालणाऱ्यांच्या पथ्यावर पडतात आणि गप्प बसावं तर लेखकावर अन्याय होतो.

पुढे दत्तांनी भुतं बाजूला ठेवली. २०२२चा 'अपराजित' म्हणजे 'पथेर पांचाली' कशी घडली याची नावं बदलून सांगितलेली गोष्ट, म्हणजे जन्मशताब्दीनंतर रायांना वाहिलेली सरळ आदरांजली. तीत कोणाला बोचावं असं काही शोधूनही सापडत नाही. प्रदर्शनाच्या वेळी तिला कोलकात्याच्या सरकारी 'नंदन' चित्रपटगृहाचा पडदा मिळाला नाही. १९८५मध्ये त्या 'नंदन'चं उद्घाटन केलं होतं सत्यजित राय यांनी, आणि त्याचं बोधचिन्हही त्यांच्याच हातचं आहे.