मेलेल्यांच्या गावी जाताना

जिथे माणसं अकाली, भीषण रीतीनं मेली ती जागा मुद्दाम पाहायला जावं का, हा प्रश्न वरवर पर्यटनाचा वाटला तरी मुळात धर्माचा आहे. राजस्थानातला भानगढ किल्ला किंवा पुण्याचा शनिवारवाडा भुतासाठी पाहायला जाणाऱ्यांची आज कमतरता नाही. आपल्या मराठवाड्यात अशी जागा म्हटली की किल्लारी आठवते. ३० सप्टेंबर १९९३ च्या पहाटे ३ वाजून ५६ मिनिटांनी धरणी हलली. आदल्या दिवशी गणपती बोळवून गावं गाढ झोपली होती. लातूर आणि तेव्हाचा उस्मानाबाद, या दोन जिल्ह्यांत मिळून सुमारे १० हजार माणसं गेली. पुढच्या दिवसांत मदतीला धावलेल्यांबरोबर नुसते बघेही इतके लोटले की मदतीच्या गाड्यांची वाट अडली. त्या बघ्यांचं नेमकं काय चुकलं? ते गेले, हे चुकलं असं मला वाटत नाही. मेलेल्यांचं आपल्याकडे काही देणं निघतं, याची जाणीव न ठेवता ते गेले, हे चुकलं.

मरणाच्या जागी जाणं आपल्या कुठल्याच परंपरेला वर्ज्य नाही. शंकर स्मशानात राहतो. सतिपट्ठान सुत्तात बुद्धांनी भिक्षूंना स्मशानात टाकलेल्या प्रेताच्या एकेक अवस्थेवरून स्वतःच्या देहाचा विचार करायला सांगितलं आहे, आणि महापरिनिब्बान सुत्तात श्रद्धावानानं पाहावीत अशा चार स्थळांमध्ये त्यांच्या निर्वाणाची जागाही आहे. नांदेड जिल्ह्यातल्या आम्हा भोकरकरांना तर लांब जायलाच नको. नांदेडला गुरू गोविंदसिंगांनी १७०८ मध्ये देह ठेवला, त्या जागी तख्त सचखंड हुजूर साहिब उभं आहे. आळंदीची वारी समाधीकडे जाते. दरवर्षी ६ डिसेंबरला मराठवाड्यातून माणसं दादरला जातात ती चैत्यभूमीला, म्हणजे बाबासाहेबांना अग्नी दिला त्या जागी, आणि परतताना पुस्तकं घेऊन येतात. यातल्या एकाही ठिकाणी माणूस घाबरायला जात नाही. गेलेल्याचं काही काम आपल्याकडे उरलं आहे, या भावनेनं जातो.

भुताची गोष्ट नेमकं हेच काम पुसून टाकते. ३० ऑगस्ट १७७३ रोजी शनिवारवाड्यात नारायणराव पेशव्याचा खून झाला. तो जेमतेम अठराचा होता. त्याला वाचवायला मध्ये पडलेले सेवकही गारदी शिपायांनी कापले. न्यायाधीश रामशास्त्री प्रभुण्यांनी चौकशी करून त्याचा काका रघुनाथराव याला दोषी ठरवलं आणि देहान्त प्रायश्चित्त सांगितलं. हा सगळा व्यवहार माणसांचा, सत्तेच्या लोभाचा आणि न्यायाचा. भुतासाठी वाड्यावर येणाऱ्याला मात्र यातली फक्त 'काका, मला वाचवा' ही हाक हवी असते. काही जण म्हणतील, या हाकेनंच तर खुनाची आठवण अडीचशे वर्षं जिवंत ठेवली. लोकांच्या मनातला न्यायच भूत होऊन फिरतो. या म्हणण्यात तथ्य आहे. पण भूत झालं ते पेशव्याचं. त्याच्यासाठी जीव देणाऱ्या सेवकांची हाक कुणी ऐकल्याचं सांगत नाही. भीतीलाही मोठंच नाव लागतं, आणि मारणारा कोण हे ती विचारत नाही.

किल्लारीत हा प्रश्न विचारला की उत्तर घराच्या भिंतीत सापडतं. तिथली जुनी माळवदं कशी होती? भिंत दोन-तीन फूट रुंद, दोन्ही अंगांनी दगड रचलेले, मध्ये माती आणि खडी. दोन्ही अंगांना बांधून ठेवणारा आरपार दगड बहुतेक ठिकाणी नव्हता. वर लाकडी खांब-तुळया, त्यावर फळ्या, त्यावर मातीचा जाड थर. पावसात गळू नये म्हणून दरसाल त्यावर नवी माती पडायची, म्हणजे बापाच्या काळापेक्षा मुलाच्या काळात छत जड व्हायचं. धक्का बसला तशी भिंतीची दोन्ही अंगं सुटली, दगड कोसळले आणि वरची माती झोपलेल्यांच्या नाकातोंडात गेली. उन्हाळ्यात गारवा देणारं घरच गाडणारं निघालं. अशा वेळी देवाचा कोप झाला म्हणणं आणि तिथे आत्मे फिरतात म्हणणं, दोन्हींचा परिणाम सारखाच होतो: भिंतीकडे कुणी बघत नाही.

आपल्याच नाट्यशास्त्रानं भयानक आणि बीभत्स हे रस मानले आहेत, मग थरार अनुभवण्यात पाप काय, असा आक्षेप येईल. रंगमंचावर त्यात पाप नाहीच. तिथे मरणारा नट पडदा पडल्यावर उठतो, आणि प्रेक्षकाला ते ठाऊक असतं, म्हणून भयाचा रस होतो. किल्लारीत मेलेली माणसं पात्रं नव्हेत. त्यांची नावं लावणारी मुलं-नातवंडं आजही तिथे राहतात. दुसरा आक्षेप याच्या उलट आणि अधिक वजनाचा आहे: दुःख ज्याचं त्याचं, परक्यानं तिकडे फिरकूच नये. पण तिथले लोक स्वतः दर ३० सप्टेंबरला स्मृतिस्तंभापाशी जमून श्रद्धांजली वाहतात. त्यांना विसर नको आहे. परक्यानं जावं, शोकाला बसायला जातात तसं जावं, कॅमेरा खिशात ठेवावा आणि घर कसं पडलं ते विचारावं.

भूकंपानंतर लातूर-उस्मानाबादकडे उरलेल्या घरांच्या मजबुतीकरणाचं काम झालं: छतावरची माती कमी करणं, भिंतीत आरपार दगड बसवणं. नांदेड जिल्ह्यातल्या खेड्यांत मात्र अजूनही मातीच्या छताखाली माणसं झोपतात. २१ मार्च २०२४ ला आणि पुन्हा १० जुलै २०२४ ला हिंगोली जिल्ह्यात ४.५ तीव्रतेचे धक्के बसले, ते नांदेडपर्यंत जाणवले. भोकर तालुक्यातून कुणी किल्लारीला जाणार असेल तर त्यानं जरूर जावं. परत आल्यावर आपल्या, आणि शेजारच्या म्हाताऱ्या जोडप्याच्या माळवदावर चढून मातीचा थर किती हात आहे तो मोजावा, आणि पावसाळ्याआधी तो उतरवायला चार माणसं गोळा करावीत.