आपुलकीच्या कॅमेऱ्याची अडचण

वांग बिंग या चिनी दिग्दर्शकाचा ‘तिए शी चू’ हा माहितीपट नऊ तासांचा आहे म्हटल्यावर पहिला प्रश्न ठरलेला असतो : एवढं लांबण कशाला? माझ्या मते त्याच्या कामाचं मर्म त्या लांबणातच आहे.

शेनयांग शहरातला तिएशी हा अवजड उद्योगांचा जुना पट्टा. तिथले सरकारी कारखाने एकामागून एक बंद पडत होते, तेव्हा म्हणजे १९९९ ते २००१ या काळात वांग बिंग छोटा डिजिटल कॅमेरा घेऊन तिथं वावरला. चित्रपटात निवेदन नाही, पार्श्वसंगीत नाही. कामगार विश्रांतीच्या खोलीत डाव मांडून बसतात, आंघोळ करून उघडेच फिरतात, थकलेल्या पगारावरून शिव्या हासडतात. दोन मिनिटांच्या बातमीत हीच माणसं ‘बेकारीचे बळी’ ठरली असती. इथं तासाभरात कोण चिडका, कोण थापाड्या, हे कळू लागतं. वंचितांवरच्या चित्रपटात माणसाला नुसतं कंटाळण्याची मुभा सहसा नसते. त्यानं सतत दुःखीच दिसायचं असतं.

या पद्धतीला ‘तटस्थ निरीक्षण’ म्हणतात, ते काही मला पटत नाही. ‘टिल मॅडनेस डू अस पार्ट’ (२०१३) हा जवळपास चार तासांचा चित्रपट युनान प्रांतातल्या मनोरुग्णालयात घडतो. मधल्या चौकाभोवती जाळी ठोकलेली गॅलरी. एक रुग्ण त्या गॅलरीत पळत सुटतो आणि कॅमेराही त्याच्यामागे पळत राहतो. असा कॅमेरा तटस्थ कसला? तो त्या माणसाला सोबत करतो.

आणि माझी अडचण इथंच सुरू होते. पडद्यावर रुग्णाचं नाव येतं, तो किती वर्षं कोंडलेला आहे तेही येतं. कारखान्यातला कामगार ‘बंद कर ते’ म्हणू शकत होता, निदान उठून जाऊ शकत होता. इथं दार उघडणार व्यवस्थापन, आणि आतल्याला जायला जागा नाही. दिग्दर्शकानं भरपूर वेळ दिला म्हणून संमती मिळाली, असं होत नाही.

मग बंदी हा उपाय? फ्रेडरिक वाइजमनचा ‘टिटिकट फॉलीज’ (१९६७) मॅसॅच्युसेट्समधल्या ब्रिजवॉटरच्या मनोरुग्ण कैद्यांवरचा. राज्य सरकारनं कैद्यांच्या खाजगीपणाचं कारण पुढे केलं आणि सर्वसाधारण प्रेक्षकांना तो १९९१ पर्यंत पाहता आला नाही. ज्यांनी त्या माणसांना नागवं ठेवलं, तेच त्यांच्या अब्रूचे राखणदार झाले!

आनंद पटवर्धनांच्या ‘हमारा शहर’मध्ये (१९८५) मुंबईतल्या झोपड्या पाडल्या जात असताना एक बाई चित्रीकरण करणाऱ्यांनाच फैलावर घेते. गरिबांची छायाचित्रं काढून गरिबांचं काय भलं होणार, असा तिचा सवाल आहे. पटवर्धन काही निरीक्षणवादी नव्हेत, पण संकलन करताना त्यांनी ती बाई गाळली नाही. वांग बिंगच्या रुग्णालयात असा जाब कुणी विचारल्याचं मला आठवत नाही. विचारण्याची ताकदच तिथं उरलेली नसेल, हेही शक्य आहे. पण मग ते दाखवणं हाही निरीक्षणाचाच भाग होता. त्यावाचून संमतीचा प्रश्न चित्रपटाबाहेर राहतो आणि चित्रण इतकं आपुलकीचं आहे की आपण प्रेक्षकच तो परस्पर मिटवून टाकतो.